नकाशावरची रेघ आणि शेताचा धुरा

आमचे शेतकरी बंधु सातबाराचा उतारा वाचतात, साऱ्याची पावती वाचतात, खरेदीखत तर दोन-दोन वकिलांकडून वाचवून घेतात. परंतु नकाशा पुढें ठेवला कीं बहुतेक जण तो उलटसुलट फिरवून परत करतात. आम्हीं महसूल खात्याच्या दप्तरांत उभा जन्म काढिला. उताऱ्याची नक्कल मागणारे रोज भेटत; नकाशाची नक्कल मागणारा महिन्यांत एखादा. वास्तविक उताऱ्यावर असतें तें नांव, आणि नकाशावर असते ती जमीन. नांवाच्या मागें जसा माणूस असतो तसा रेघेच्या मागेंहि असतो. ती कोणीं काढिली, कोणाच्या सोयीसाठीं काढिली आणि काढतांना काय गाळलें, हें ज्यास कळतें त्याची जमीन सहसा त्याच्या नकळत जात नाहीं. हा विषय समजून घेण्यास दूर जावयास नको. अकोल्याचें जुनें शहर व त्याच्या भोंवतालचीं वावरें एवढीं त्यास पुरेत.

मोर्णा नदीच्या पश्चिम तीरावर असदगडाच्या आश्रयानें वसलेला भाग तो जुनें शहर. औरंगजेबाचा वजीर असदखान याच्या जहागिरींत हें ठाणें होतें, म्हणून किल्ल्यास असदगड नांव पडलें. १६९७ च्या सुमारास ख्वाजा अब्दुल लतीफ यानें येथील बांधकाम केलें. बादशाही गेली, निजामशाही आली, परंतु वेशींचीं नांवें राहिलीं. आणि तीं नांवें शेतकऱ्यानें लक्ष देऊन ऐकावीं अशीं आहेत. दहिहांडा वेस आणि अगरवेस. दोन्ही नांवें अकोला तालुक्यांतल्या गांवांचीं. ज्या गांवाकडे वाट जाते, ज्या गांवच्या गाड्या आंत येतात, त्या गांवाचें नांव त्या वेशीस. शहराचें पोट कोणत्या दिशांनीं भरतें हें त्याच्या दरवाज्यांवरूनच कळत असे.

म्हणून त्या काळाचे गोडवे गावे असें मात्र आमचें म्हणणें नाहीं. तटाच्या आंत कोणीं राहावयाचें व बाहेर कोणीं, हें बळानें आणि जातीनें ठरलेलें असे. गांवगाड्याचा आराखडा कागदावर नव्हता, पण होता. महारवाडा गांवापासून किती अंतरावर असावा हें न मोजतां सर्वांस ठाऊक होतें. विपरीत असें कीं ज्यास गांवाबाहेर ठेविलें त्याच महारास शिवेची खडान्‌खडा माहिती असे, आणि दोन गांवांत शिवेचा तंटा पडला म्हणजे त्याचीच साक्ष मोलाची ठरे. वस्त्यांचीं हीं जातिवाचक नांवें बदलण्याचा निर्णय महाराष्ट्र सरकारनें घेतला तो २०२० च्या डिसेंबरांत. तोंपर्यंत तीं सरकारी कागदांत सुखानें नांदत होतीं.

मोंगलांच्या कारकीर्दींत सरकारास आपला मुलूख दिसे तो यादींतून. अबुल फजल याच्या ऐने-अकबरींत वऱ्हाड सुभ्याचीं सरकारें, त्यांतले परगणे व त्यांचा वसूल यांची मांडणी आहे. शेत कोणतें व कोठें, ही माहिती पाटील, पटवारी, देशमुख आणि देशपांडे यांच्यापाशीं. ज्याच्यापाशीं माहिती त्याच्यापाशीं सत्ता, हा न्याय असल्यामुळें ह्या मंडळींचा जोर दिल्लीपासून हैदराबादेपर्यंत कोणासहि सहज मोडतां आला नाहीं.

तो मोडला साखळीनें. १८५३ च्या तहानें निजामानें फौजेच्या खर्चापोटीं वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यांत दिलें, आणि १८६१ च्या सुमारास येथें मुंबई पद्धतीची मोजणी सुरू झाली. ही पद्धत गोल्डस्मिड व विंगेट या अंमलदारांनीं १८३६ च्या सुमारास इंदापूर तालुक्यांत प्रथम बसविली होती. ३३ फुटांची साखळी, तिचे १६ आणे. एक साखळी लांब व एक साखळी रुंद तो गुंठा. ४० गुंठ्यांचा एकर. प्रत्येक शेतास क्रमांक, कोपऱ्यास दगड, हद्दीस धुरा, जमिनीची प्रत लावून सारा, आणि तो सारा ३० वर्षांपर्यंत कायम. एका अंगानें पाहिल्यास हा शेतकऱ्याचा मोठाच लाभ झाला. शेत त्याच्या नांवें लागलें, सारा ठरला, देशमुखाच्या तोंडाकडे पाहण्याचें कारण उरलें नाहीं. दुसऱ्या अंगानें पाहिल्यास सरकारास कचेरींतल्या खुर्चीवरून प्रत्येक वावर दिसूं लागलें, आणि शिवेवरून अनवाणी चालणाऱ्या जाणत्याच्या साक्षीपेक्षां दगड मोठा ठरला.

रेघेचें सामर्थ्य किती, हें पाहावयाचें असेल तर वर्धा नदीकडे पाहावें. नदीच्या पश्चिमेस वऱ्हाड, पूर्वेस मध्यप्रांतांतला वर्धा जिल्हा. माती तीच, कापूस तोच, भाषा तीच, सोयरीकहि इकडची तिकडे. परंतु पश्चिमेस मुंबईची रयतवारी आली व शेतकरी आपल्या शेताचा खातेदार झाला. पूर्वेस मालगुजारी आली आणि गांवचे गांव मालगुजाराच्या मालकीचे ठरले. एका तीरावरच्या भावानें सरकारांत सारा भरला, दुसऱ्या तीरावरच्यानें मालगुजाराच्या वाड्यावर जाऊन लगान दिलें. हा भेद जमिनींत नव्हता. दोन निरनिराळ्या प्रांतांच्या दप्तरांत होता. मालगुजारी कायद्यानें संपली ती १९५१ सालीं. तोंपर्यंत तीन पिढ्या त्या रेघेच्या ह्या किंवा त्या बाजूस जन्मल्याचें फळ भोगून गेल्या.

आतां ह्या मोजणीच्या नकाशानें काय दाखविलें व काय गाळलें तें पाहूं. ज्यावर सारा आकारावयाचा तें सर्व त्यांत ठसठशीत आहे. ज्यावर सारा नाहीं तें पुसट. गांवठाण म्हणजे माणसें जेथें राहतात ती जागा. तिचा नकाशावर बहुधा एक कोरा तुकडा आहे, त्यांत घर नाहीं, गल्ली नाहीं, विहीर नाहीं. घरांचा महसूल नव्हता, म्हणून घरांची मोजणी नव्हती. त्याचा परिणाम असा कीं पुष्कळ खेड्यांत दहा एकरांच्या वावराचा चोख कागद असणाऱ्या गृहस्थापाशीं स्वतःच्या राहत्या घराचा मोजणीचा कागद नसे. २०२० च्या एप्रिलांत सुरू झालेल्या स्वामित्व योजनेखालीं उडत्या यंत्रानें गांवठाणांचीं चित्रें घेऊन मिळकत पत्रिका देण्याचें काम हातीं घेतलें गेलें, तें मागील दीडशें वर्षांची ही पोकळी भरण्यासाठींच.

पांदणींची गोष्ट याहून बिकट. गांवनकाशावर गाडीवाट बहुधा दोन तुटक रेघांनीं व पायवाट एका तुटक रेघेनें दाखविलेली असते. मोजणीदार ज्या हंगामांत आला त्या हंगामांत जी वाट वाहती होती ती उमटली. जी पावसाळ्यापुरती किंवा दोन घरांपुरती होती ती राहून गेली. आज वावरांत ट्रॅक्टर नेण्यावरून जे तंटे होतात त्यांतले पुष्कळसे ह्या न उमटलेल्या वाटांचे आहेत. ज्याची वाट नकाशावर आहे त्यानें नक्कल काढून तहसीलदारांपुढें ठेवावी. ज्याची नाहीं त्यास महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६, याच्या कलम १४३ खालीं दुसऱ्याच्या धुऱ्यावरून वाट मागतां येते. मात्र ती मागणी वाजवी असल्याचें दाखवावें लागतें, आणि तहसीलदारानें नाकारल्यास पुढें दिवाणींत जावें लागतें. शेजाऱ्याशीं गोडीगुलाबीनें मिटत असेल तर तेंच करावें, परंतु मिटलेलें लिहून घ्यावें.

येथें थोडें गणित सांगतों, कारण नकाशाचा धाक गणितानेंच जातो. जुन्या गांवनकाशांपैकीं पुष्कळांचें माप एका इंचास २० साखळ्या असें आहे. म्हणजे कागदावरचा एक इंच जमिनीवर ६६० फूट, आणि कागदावरचा एक चौरस इंच जमिनीवर बरोबर १० एकर. आतां शाईची रेघ इंचाचा पन्नासावा भाग जाड धरली तर ती जमिनीवर १३ फुटांहून थोडी अधिक रुंद होते. बैलगाडी आरामांत जाईल एवढी! अशी एक इंच लांबीची रेघ नुसत्या आपल्या जाडीखालीं ८ गुंठे जमीन झांकते. म्हणून धुऱ्याच्या तंट्यांत गांवनकाशावर पट्टी ठेवून भांडणें व्यर्थ आहे. त्यासाठीं त्या क्रमांकाचें टिपण, गुणाकार बुक आणि पोटहिस्सा पडला असेल तर फाळणीचा नकाशा मागावा. मोजणी झाल्यावर तिची ‘क’ प्रत मागून घ्यावी. हे कागद भूमि अभिलेख खात्याच्या तालुका कार्यालयांत असतात. गांवनकाशा शेत कोठें आहे हें सांगतो. कोठें संपतें हें टिपण सांगतें.

आतां पुन्हां शहराकडे वळूं. अमेरिकेंत १८६१ पासून १८६५ पर्यंत यादवी युद्ध चाललें, विलायतेच्या गिरण्यांस तिकडचा कापूस मिळेना, आणि वऱ्हाडच्या काळ्या मातीवर सर्वांची दृष्टि खिळली. १८६७ सालीं मुंबईची आगगाडी भुसावळ, अकोला, बडनेरा या वाटेनें नागपुरास पोंचली. अकोल्याचें स्टेशन नदीच्या पूर्वेच्या अंगास. तिकडेच ताजनापेठ, तिकडेच सरकारी कचेऱ्या व साहेबलोकांचे बंगले; सिव्हिल लाइन्स हें नांव अजून तोंडांत आहे. त्याच १८६७ सालीं नगरपालिका आली. असदगडाची तटबंदी १८७० च्या सुमारास मोडण्यांत आली. जुनें शहर जागचें हललें नाहीं. परंतु शहराचें तोंड फिरलें. ज्या वेशीसमोर गाड्यांची रांग लागे तिच्या पाठीमागें पडल्यासारखें झालें, आणि कापसाची गाडी नदी ओलांडून स्टेशनाच्या वाटेस लागली. ही कोणा एकाची दुष्ट बुद्धि नव्हे. रेघ काढणाऱ्यास कापूस बंदरावर न्यावयाचा होता, त्यास जी जागा सोयीची ती त्यानें धरिली. जुन्या शहराची सोय त्याच्या हिशेबांत नव्हती, एवढेंच.

हें केवळ अकोल्याचेंच झालें असें नाहीं. अचलपूर ही इमादशाहीची राजधानी. बाळापूर हें मोंगलांचें मोठें ठाणें. मोठ्या लोहमार्गानें दोघांसहि टाळलें. बाळापुरास जवळचें स्टेशन पारस. अचलपुरास पुढें मूर्तिजापुराहून अरुंद गाडी मिळाली, पण जिल्ह्याचा मान अमरावतीस गेला, आणि १९०५ च्या फेररचनेंत अचलपूर जिल्हाच अमरावतींत विरून गेला. उलट खामगांव हें कापसाचें पेठेचें गांव, म्हणून जलंबहून तेथवर खास फांटा टाकून १८७० सालीं गव्हर्नर जनरल लॉर्ड मेयो यांच्या हस्तें तो उघडला गेला. आपल्या डोळ्यांदेखतहि तसेंच चाललें आहे. मुंबई-नागपूर समृद्धी महामार्गाचा पहिला भाग २०२२ च्या डिसेंबरांत व शेवटचा २०२५ च्या जूनमध्यें खुला झाला. ७०१ किलोमीटरांचा हा मार्ग अकोल्यास बाजूस ठेवून वाशीम जिल्ह्यांतील कारंज्याजवळून जातो. पन्नास वर्षांनीं कारंज्याच्या व अकोल्याच्या जमिनीच्या भावांची तुलना करणाऱ्यास ह्या रेघेपासूनच आरंभ करावा लागेल.

शहरांत आणखी एक शब्द कानीं पडतो तो नझूल. शहरांतली सरकारजमा जागा ती नझूल. तिच्या शीटा वेगळ्या, भूखंडांचे क्रमांक वेगळे, आणि राहणारा तीन पिढ्यांचा असला तरी पट्टेदार. शहरांत घर किंवा दुकान घेणाऱ्या शेतकऱ्यानें खरेदीपूर्वीं नझूल शीट पाहावी, पट्ट्याची मुदत पाहावी; याहून अधिक येथें सांगत नाहीं, कारण तो स्वतंत्र लेखाचा विषय आहे.

शेतकऱ्यावर आज जी रेघ थेट येते ती विकास योजनेची. अकोल्याची महानगरपालिका २००१ च्या ऑक्टोबरांत झाली, आणि २०१६ सालीं तिची हद्द वाढून मलकापूर, उमरी, खडकी, शिवणी इत्यादि भोंवतालचीं गांवें तींत आलीं. काल जें वावर गांवच्या शिवारांत होतें तें आज शहरांत आहे. मालक तोच, धुरा तोच, पण नकाशा बदलला. महाराष्ट्र प्रादेशिक नियोजन व नगररचना अधिनियम, १९६६, याखालीं नगरपालिका किंवा महानगरपालिका आपल्या हद्दीची योजना तयार करते व वीस वर्षांतून एकदां तरी ती तपासून नवी करावी असें कायदा म्हणतो. तींत जमिनीस रंग दिलेले असतात. ज्यास लोक पिवळा पट्टा म्हणतात तो राहण्यासाठीं. हिरवा तो शेतीसाठीं किंवा मोकळ्या जागेसाठीं. शाळा, बाग, बाजार, दवाखाना, रस्ता यांसाठीं जी जागा राखून ठेवितात तें आरक्षण. पिवळ्या पट्ट्यांतला एकर आणि त्याच्याच धुऱ्याला लागलेला हिरव्या पट्ट्यांतला एकर यांच्या भावांत किती अंतर पडतें हें शहरालगतच्या वाचकांस आम्हीं सांगावयास नको. मातीची प्रत तेथें कोणी विचारीत नाहीं.

आमच्या पाहण्यांतली एक गोष्ट सांगतों. एका शहरालगत दोघां भावांचें पांच एकर ओलिताचें वावर होतें. प्रारूप नकाशा प्रसिद्ध झाला, वर्तमानपत्रांत सूचना आली, कचेरींत भिंतीवर नकाशा लागला. दोघेहि पऱ्हाटीच्या वेंचणींत गुंतलेले. पाहावयास गेले नाहींत. शेजारच्या तुकड्याचा मालक व्यापारी होता, तो गेला. नियोजित रस्ता त्याच्या भूखंडाच्या मधून जात होता. त्यानें मोजणीचा नकाशा जोडून मुदतींत हरकत दिली, सुनावणीस हजर राहिला, आणि रेघ थोडी सरकली. सरकली ती ह्या भावांच्या विहिरीवर. पुढें थोरल्या भावानें मुलीच्या लग्नासाठीं एकरभर विकावयास काढलें तेव्हां घेणाऱ्यानें नकाशा पाहून पाय मागें घेतला. तो आमच्याकडे आला व म्हणाला, “भाऊसाहेब, आमच्या वावरातून रस्ता चालला अन् आमालेच ठाव नाही.” कायद्यानें पाहतां कोणाचेंहि चुकलें नव्हतें. सूचना निघाली होती, मुदत दिली होती, सुनावणी झाली होती. नकाशा सर्वांसाठीं उघडा होता. वाचणारा मात्र एकटाच होता.

अशा आरक्षणांत सांपडलेल्या जमीनमालकास एक वाट आहे, ती पुष्कळांस ठाऊक नसते. अंतिम योजना अमलांत आल्यापासून १० वर्षांत ती जमीन घेतली गेली नाहीं, तर कलम १२७ खालीं मालकानें लेखी सूचना द्यावयाची. सूचनेपासून २४ महिन्यांत जमीन घेतली नाहीं व घेण्याची कायदेशीर पावलेंहि टाकलीं नाहींत, तर आरक्षण रद्द झालें असें मानण्यांत येतें. नुसतीं दहा वर्षें उलटल्यानें कांहीं होत नाहीं. सूचना द्यावीच लागते, व तिजबरोबर मालकीचे कागद जोडावे लागतात. वरील भावांनीं वर्षें मोजलीं, सूचना दिली नाहीं.

मोर्णेकांठच्या शेतकऱ्यांनीं आणखी दोन रेघा पाहाव्या. पाटबंधारे खात्याची निळी पूररेषा ही साधारण २५ वर्षांतून एकदां येणाऱ्या पुराची, आणि लाल रेषा १०० वर्षांतून एकदां येणाऱ्याची. निळीच्या आंत बांधकामास मनाई, दोहोंच्या मध्यें निर्बंध. २०२१ च्या जुलैंत मोर्णेला पूर येऊन शहराच्या सखल वस्त्यांत पाणी शिरलें तेव्हां ह्या रेघांची आठवण पुष्कळांस झाली. नदीचा जुना पाट कोठून होता हें शेतकऱ्यास जितकें ठाऊक असतें तितकें वातानुकूलित खोलींतल्या आराखडाकारास नसतें, आणि नेमकें हेंच ज्ञान हरकतीच्या अर्जांत उतरत नाहीं.

रेघ नेहमीं दुसऱ्यानेंच काढावी असा मात्र कांहीं दंडक नाहीं. पुण्याजवळ हडपसरास मगर घराण्याच्या व शेजारच्या सुमारें सव्वाशें शेतकरी कुटुंबांनीं आपली चारशेंहून अधिक एकर जमीन बिल्डरांस तुकड्यातुकड्यांनीं न विकतां एकत्र केली, कंपनी स्थापून ज्याची जितकी जमीन तितके त्याचे भाग ठेविले, आणि मगरपट्टा हें नगर स्वतः आंखून वसविलें. तेथें रस्ता कोठून जावा हें जमीनमालकांनीं आपसांत बसून ठरविलें. सर्वच गांवांस हें साधेल असें आम्ही म्हणत नाहीं. तेथें पुण्याची मागणी दाराशीं उभी होती, आणि एका भावकीचा एकमेकांवर विश्वास होता. आमच्याकडे भावकींत पोटहिश्शाची मोजणी सुद्धां भांडणावांचून होत नाहीं. परंतु निदान एका शिवारांतल्या दहा खातेदारांनीं मिळून एक नकाशा विकत घ्यावा, रविवारीं एकत्र बसून त्यावर आपआपलीं वावरें रंगवावीं, इतकें कोणासहि जमण्यासारखें आहे.

प्रारूप योजनेची सूचना निघाली म्हणजे हरकतीची मुदत सूचनेंतच छापलेली असते. अर्जांत गट किंवा सर्व्हे क्रमांक, क्षेत्र हेक्टर-आरमध्यें, विहीर, झाडें, पाईपलाईन व वहिवाटीची वाट यांचा उल्लेख करावा. ‘आमच्यावर अन्याय झाला आहे’ एवढेंच लिहिलेल्या अर्जास समितीपुढें कांहीं वजन नसतें. रस्ता अमुक धुऱ्यावरून न्यावा, म्हणजे दोघांचीहि जमीन सारखी जाईल, असा पर्याय नकाशावर लाल पेन्सिलीनें काढून जोडावा. अर्जाची पोंच घ्यावी, तिजवर आवक क्रमांक व तारीख असावी. सुनावणीची नोटीस अर्जावरच्या पत्त्यावर येते. सबब हंगामांत वावरांत राहणाऱ्यानें गांवांतल्या ज्या घरीं बारमास माणूस असतें त्या घराचा पत्ता द्यावा.